मेंढपाळाचा आवाज

प्रिय कृष्णराज,

काल आपल्या ईट गावच्या शाळेत तुझा शेवटचा सिनेमा दाखवला. लेखन, कॅमेरा, संकलन सगळं तुझंच. मेंढपाळ झालेल्या व्यंकटमामांना संवाद जमेनात, म्हणून त्यांना आवाजही तूच दिलास.

आईला आता दिसत नाही. तू या जगात नाहीस, हे तिला सांगायचं धाडस मला अजून झालेलं नाही.

पडद्यावर मेंढपाळ म्हणाला, "आये, भाकर हाय का?"

तशी आई भर गर्दीत ओरडली, "हाय रं! आधी घरला ये की, सिनेमावाल्या!"

लोक हसले. व्यंकटमामा उठून बाहेर गेले.

घरी येताना आई म्हणाली, "आवाज खणखणीत हाय, म्हंजी बरा हाय. त्याला चिठ्ठी लिही."

पेनाची कुरकुर ऐकत ती शेजारीच बसली आहे, म्हणून लिहिते आहे.

ये रे.

तुझी,
ताई