सिग्नलला राहिलेलं माणूस

लातूर, शुक्रवार

सौ. सुकन्यावन्संना शांतम्माचे शरणु शरणार्थी. भोकरला सगळे खुशाल असतील. तुमचे गुडघे काय म्हणतात? इकडे मी बरी आहे, तुमचे भाऊ मात्र फुगून बसलेत. फोनच केला असता, पण हे प्रत्येक फोन स्पीकरवर ठेवायला लावतात. म्हणून उद्या भोकरला माहेरी निघालेल्या शेजारच्या आरतीच्या हाती हा कागद.

यंदा येळवशीच्या सणाला शेतात आंबिलीचं मडकं स्कुटीवरून मीच नेणार आहे (तीस वर्षं मी ते मांडीवर घेऊन जीपमध्ये मागे बसले, आता बास). सुनेने, शिवांगीने, गाडी शिकवली. मंगळवारी लायसनची परीक्षा. काल सरावाला हे मागे बसले आणि गंजगोलाईपर्यंत नुसता 'ब्रेक, ब्रेक' असा जप. सिग्नलला यांची चप्पल गळाली, ती उचलायला हे उतरले. तेवढ्यात हिरवा लागला आणि मी निघाले. चांगलं अर्धा किलोमीटर यांच्याशी भांडले. उलट उत्तर येईना, म्हणून मनातून सुखावलेसुद्धा होते.

परत आले तर हे गायब, आणि यांचा फोन माझ्या पर्समध्ये! चौकातला पोलीस म्हणाला, "मावशी, माणसाचं नाव सांगा, माइकवर पुकारतो." आता नाव कसं सांगू? उखाण्याशिवाय यांचं नाव मी आजवर घेतलेलं नाही (स्कुटी आली म्हणून रीत सोडली, असं कोणी म्हणायला नको). तो वैतागला. "मग उखाणा घ्या की! लई गर्दी हाय," म्हणत माइकच माझ्यापुढे धरला. घेतला:

येळवशीच्या भज्जीत हरभरे-वाटाणे ओले,
सिग्नल सुटला घाईत, मन्मथराव मागं राहिले.

चौकभर टाळ्या! रिक्षावाले "अजून एक" म्हणाले, तोही घेतला. हे समोरच्या हॉटेलात पेपरामागे तोंड लपवून बसले होते. पेपर उलटा होता, म्हणून सापडले. घरी येऊन म्हणाले, "स्कुटी विकून टाकतो," आणि चावी खिशात घातली. फार वाईट वाटलं हो वन्सं. कुठे वळायचं ते मी ठरवतेय, असं आयुष्यात पहिल्यांदा त्या गाडीवर वाटलं होतं.

असो. थोरांना नमस्कार, लेकरांना पापा.

तुमची वहिनी,
शांतम्मा

ता. क. तुम्हाला चक्कर येतेय, अंथरुणातून उठवत नाही, असं मी यांना सांगितलंय. रविवारच्या एस.टी.ने येतील. मंगळवार संध्याकाळपर्यंत कृपा करून बऱ्या होऊ नका.

आणखी एक ता. क. दुसरी चावी शिवांगीकडे आहे, ती काळजी नको. भावाची दया येऊन लवकर उठावंसं वाटलंच, तर शाळेत असताना तुमच्या सायकलची हवा रोज कोण सोडायचं ते आठवा, आणि पडून राहा.