अबोल्याच्या प्रबंधाचं मातेरं

तीर्थरूप काकांना,

पुतणीचा नमस्कार. तोही वाकून; फक्त हल्ली एकदा वाकले की सरळ व्हायला मला वेळ लागतो, तेव्हा हा एकच नमस्कार काकूंबरोबर वाटून घ्यावा. तुमचा गुडघा कसा आहे? काकूंचा खोकला गेला का? इकडे सगळं ठीक आहे असं लिहायची पद्धत आहे, म्हणून लिहिलं. खरं म्हणजे माझ्या प्रबंधाचं मातेरं झालं आहे आणि ते ऐकायला घरात कोणी उरलेलं नाही (आईने तर कानाचं यंत्रच काढून ठेवलं आहे).

विषय तुम्हाला ठाऊक नसेल. ‘कुटुंबातील अबोला’. मीच निवडला, त्यामुळे कोणाला दोष द्यायचीही सोय नाही. वर्षभर मी रेकॉर्डर घेऊन अबोला धरलेल्यांच्या घरोघरी हिंडले, आणि मग माझ्या लक्षात आलं की ही माणसं बोलत नाहीत. (हे आधीच लक्षात यायला हवं होतं, असं गाइडबाई म्हणाल्या. विषय त्यांनीच मंजूर केला होता, हे मी म्हटलं नाही.) मग बाईंनीच नवी वाट दाखवली. बोलत नाहीत तर काहीतरी बनवायला लावायचं. चित्र, माती, नाटक, काहीही. जे तोंडातून येत नाही ते हातातून येतं, आणि त्यालाही आता संशोधनच म्हणतात. आम्ही बाहुल्या ठरवल्या. ज्याच्याशी बोलणं बंद आहे त्याची जुन्या मोज्याची बाहुली करायची, ती हातात घालायची आणि त्याच्या वतीने बोलायचं. मला तेव्हा हे फार सुंदर वाटलं होतं.

पहिला आला टेलर. त्याचं मेहुण्याशी वाकडं. त्याने मेहुण्याला अस्तराचा कोट शिवला, कोटाला खिसा, खिशाला झाकण. बोलायची वेळ आली तरी हा आपला कोटच न्याहाळतोय. तुमचा राग कुठे गेला, मी विचारलं. “होता हो,” तो म्हणाला, “पण कॉलर बसवताना निघून गेला.” आता हे कुठल्या प्रकरणात घालू? मग आमच्या कॉलेजचे ग्रंथपाल. त्यांच्या बाहुलीला अंबाडा होता, साखळीचा चष्मा होता आणि खालचा ओठ पुढे आलेला. गाइडबाईंनी आपला साखळीचा चष्मा नाकावर सरकवून ती पाहिली. “ही तुमच्या घरातली कोण?” ग्रंथपाल शांतपणे म्हणाले, “ओळखलीत, म्हणजे जमली आहे.” बाईंनी त्यांना झापलं, आणि त्यांनी मला पुस्तकं द्यायचं बंद केलं.

पण दोघी बहिणी आल्या आणि मला वाटलं, तरले. त्यांचं ड्रायक्लीनिंगचं दुकान आहे. एकाच काउंटरमागे उभ्या राहतात, पण एकमेकींशी बोलायचं तर गिऱ्हाइकामार्फत (“त्यांना सांगा, इस्त्री तापली आहे,” हा निरोप मी स्वतः पोचवला आहे). थोरलीने धाकटीची बाहुली हातात घातली, आणि बाहुली बोलायला लागली: “आई गेल्यावर मी तिचा चष्मा कपड्यांबरोबर टाकून दिला. ताईला विचारलंसुद्धा नाही.” धाकटीने आपली बाहुली टेबलावर ठेवली. “टाकला नाही. माझ्या कपाटात आहे. अधूनमधून लावून बघते. काही दिसत नाही त्यातून.” थोरली म्हणाली, “दाखव.” आणि दोघी उठून गेल्या. काका, मी तिथेच मोज्यांच्या ढिगात बसून रडले. निम्मं त्यांच्यासाठी आणि निम्मं आनंदाने, की चौथं प्रकरण झालं.

दुसऱ्या दिवशी दोघी आल्या, एकमेकींचं वाक्य तोडत. हे घरातलं आहे, छापायचं नाही, बाहुल्याही परत द्या. भाग घेणाऱ्याने आपले शब्द परत मागितले तर द्यावे लागतात, हा आमचा नियम. मीच सगळ्यांना आधी वाचून दाखवते. दिले. गाइडबाई म्हणाल्या, “म्हणजे पद्धत इतकी यशस्वी झाली की हाती काहीच उरलं नाही.” प्रबंध या सत्रात गेला नाही तर माझी कॉलेजातली जागा दुसऱ्या कोणाला देणार आहेत. माझ्यापाशी आता एक कोट घातलेला मेहुणा आहे आणि एक गाइडबाई. दोघांकडे बघवत नाही.

काकूंना नमस्कार (वरच्यातलाच).

तुमची बुडीत खात्यातली पुतणी

ता. क. अबोल्याची एक नवी जोडी मिळाली तर सगळं वाचेल, असं गाइडबाई म्हणतात. मला लांब शोधावं लागलं नाही. तुम्ही आणि बाबा इतकी वर्षं एकमेकांशी बोललेले नाहीत, आणि कशावरून ते कोणी मला कधी सांगितलेलं नाही. पत्र लिहायला घेतलं ते खरं त्यासाठीच. सोबत एक मोजा पाठवत आहे.

ता. क. आणखी एक. मोजा पाकिटातून काढून घेतला. बाबांना त्यांचा मोजा आधीच दिला होता. आज चहा झाल्यावर ते तो घेऊन बसले. आधी कुरकुरले. मग बोटांनी चाचपत नाक केलं, कान केले, तुमचे आहेत तसेच मोठे. केसांपाशी थांबले आणि मला विचारलं, “त्याचे पांढरे झाले असतील का गं?” मला सांगता आलं नाही. बाहुली तशीच टकली ठेवली आहे. हे प्रबंधात जाणार नाही, कुठेच जाणार नाही. तुम्ही फोटो पाठवाल, पण बाबांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे, फोटोतलं त्यांना दिसत नाही. अगदी जवळ बसलं तर दिसतं.