सिंह सुटला आहे

दि. ३ जून

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझ्या पायाचं प्लास्टर कधी निघणार ते आधी कळव. इतकी वर्षं बालवाडीतल्या पोरांना पसारा आवरा म्हणून ओरडणारी बाई शेवटी त्यांच्याच लाकडी ठोकळ्यावरून घसरून पडावी! हे म्हणाले, ठोकळ्याला काही लागलं का ते विचार. मी त्यांना रागावले, पण हसलेही.

पत्राचं कारण वेगळंच आहे. आमच्या इमारतीतल्या आम्ही तिघींनी पाळी लावली आहे. एका दुपारी एकीच्या घरी सगळी पोरं, म्हणजे बाकीच्या दोघींना आपापली कामं उरकता येतात. बुधवार माझा. शेजारच्या बेकरीवाल्यांचा ढब्बू, वरच्या टायपिस्टबाईंच्या जुळ्या आणि आपली चिंगी. चौघंही तीन-साडेतीन वर्षांची, म्हणजे नको ते हमखास करण्याच्या वयाची. आणि माझं घर कसं, तर जिकडे तिकडे सुया, टाचण्या, कात्र्या आणि तापलेली इस्त्री. कुणी बटण गिळलं तर? गॅलरीच्या गजांत डोकं अडकलं तर? मशीनच्या चाकात बोट गेलं तर? मंगळवारपासूनच मी बटणं मोजून ठेवायला लागते.

तू हसशील. माझ्या वाढदिवसाला तू 'सिंह सुटला आहे, दार लावून घे' अशी तार केलीस आणि मी खरोखरच खिडक्या लावून बसले, हे तू अजून येईल त्याला सांगतेस. सांग बापडी. पण मला खेळ सुचव. बसल्या जागी खेळता येतील, आवाज होणार नाही आणि कुणाला लागणार नाही असे. चिंगी तर हल्ली फारच धडपडते. चौकटीला आपटते, समोरचा पेला सांडते. वेंधळेपणात माझ्यावर गेली आहे, दुसरं काय.

लोभ आहेच, तो थट्टेसकट राहू दे.

तुझी,
भागू

—

दि. ७ जून

चि. सौ. भागूस,
अ. उ. आ.

बसल्या जागी, आवाज न करता खेळायचे खेळ मुलांचे नसतात गं, पेन्शनीतल्या माणसांचे असतात. तुझं 'भित्री भागूबाई' हे नाव मी ठेवलं तेव्हा तू पाच वर्षांची होतीस. एक अक्षर बदलायची वेळ अजून आलेली नाही.

आता नीट वाच. मोठ्या टबात चार बोटं पाणी घे. त्यात चहाचं गाळणं, नरसाळं आणि दोन-चार पेले टाक. ओतणं, भरणं, परत ओतणं, यात पोरं तहानभूक विसरतात. फरशी ओली होईल, ती पुसता येते. नंतर उशांची नदी. जमिनीवर उशा पसर, फरशी म्हणजे पाणी, पाण्यात मगरी, आणि या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत उशांवरून उड्या मारत जायचं. तुझ्या त्या बटणांची भीती वाटते ना, तर कोटाची मोठाली बटणं दे आणि रंगांप्रमाणे वाट्यांत लावायला सांग. चिंध्या दे, त्यांच्या शेपट्या करून एकमेकांच्या ओढू देत. सगळी दमली की पडदे ओढून घे आणि बॅटरीच्या उजेडात भिंतीवर हातांच्या सावल्या. ससा, बदक, जे जमेल ते. यात पोरं अगदी चिडीचूप होतात, हा माझा हुकमी एक्का आहे.

तू मात्र मधे मधे पडशील पडशील करू नकोस. असं म्हटलं की पोर पडतंच. चिंगीच्या धडपडीचं म्हणशील तर या वयात सगळीच धडपडतात, राईचा पर्वत करू नकोस. फारच भीती वाटली तर डॉक्टरांना दाखव. चिंगीला नव्हे, स्वतःला.

मेहुण्यांना सांग, ठोकळा सुखरूप आहे. चिंगीला मावशीचा पापा.

आशीर्वाद देऊन हात दुखला,
ताई

—

दि. १२ जून

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

कालचा बुधवार पार पडला! सगळी पोरं धडधाकट, बटणं सगळी जागेवर आणि मी जिवंत.

पाण्याच्या टबापाशी तर चौघं मांडी ठोकून बसली. चिंगीचं पाणी मात्र पेल्यात पडेचना, दर वेळी शेजारीच. शेवटी ढब्बूने तिचा हात धरून पेल्यावर नेला. फार गुणी पोरगा आहे, फक्त बिस्किटं दिसली की गुण विसरतो. उशांच्या नदीत जुळ्या सरळ पार झाल्या. चिंगीची उडी उशीच्या बाजूला, त्यामुळे मगरींचं पोट भरलं. एकदा माझ्या तोंडून पडशील निघालंच, पण मी हात तोंडावर ठेवला.

सावल्या सगळ्यांना आवडल्या. ससा-बदक चिंगीला नको. तिने दोन्ही हात डोक्याभोवती पसरले आणि सिंह केला. आयाळ मात्र माझ्या चिंध्यांची. मग ढब्बूने बॅटरी तिच्या तोंडावर मारली आणि ओरडला की चिंगीचा डोळा मांजरीसारखा चमकतो. झालं, सगळ्यांनी एकमेकांच्या डोळ्यांत बॅटरी मारून पाहिली. बाकी कुणाचा चमकेना. चिंगीचाच तेवढा, तोही फक्त डावा. मीही पाहिला. काळ्या बाहुलीच्या जागी मोत्यासारखा पांढरा उजेड, फार सुंदर दिसतो गं. तेव्हापासून बाईसाहेब ऐटीत आहेत. जुळ्यांनी तसा डोळा मिळावा म्हणून घरी जाऊन भोकाड पसरलं म्हणे.

अंधारात बसूनही मला एकदासुद्धा भीती वाटली नाही, याची नोंद घे. शाबासकी परतीच्या टपालाने पाठव.

कृपा असावी, नसली तरी मी मागून घेईन,
भागू

—

तार, दि. १४ जून

चिंगीला आजच डोळ्यांच्या डॉक्टरांकडे ने. ताई.

—

दि. १४ जून

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तार मिळाली. तारवाला दारात पाहून आधी पाचावर धारण बसली. उघडून वाचली आणि हसू आवरेना. एकदा सिंहाने फसले, आता मांजरीनेही फसू होय? डॉक्टरांना दाखव म्हणून तू गेल्या पत्रात लिहिलं होतंसच, आता त्याचीच तार! ह्यांनी तर ती आरशाला लावून ठेवली आहे. हे म्हणतात, ताईंचा पाय मोडला पण खोड्या धडधाकट आहेत.

पुढच्या बुधवारी ढब्बूला परत बॅटरी हवी आहे. आणखी खेळ लवकर सुचव.

या खेपेला न फसलेली,
भागू

—

दि. १४ जून

भागू,

तार गेली आणि मग माझ्या ध्यानात आलं की तू ती थट्टा समजशील. दुसरी करणार होते, पण तारेतल्या दोन शब्दांत खरं-खोटं कसं कळवू? म्हणून हे पत्र. माझं अक्षर तू ओळखतेस.

मी थट्टा करत नाही. बालवाडीच्या शिक्षिकांना एकदा एका डॉक्टरांनी शिकवलं होतं. मुलाच्या एका डोळ्यात उजेड पडला की बाहुली पांढरी चमकत असेल, तर एक दिवसही थांबू नका. कधी ते साधं मोतीबिंदूसारखं काही असतं. कधी डोळ्याच्या आत गाठ असते, आणि ती वाढणारी असते. वेळेवर कळली तर मूल वाचतं. उशीर झाला तर ती डोळ्यात राहत नाही. त्या डोळ्याने मुलाला कमी दिसतं, म्हणून ते धडपडतं, पाणी पेल्याबाहेर ओततं. हे सगळं तू मला लिहिलंस आणि मी राईचा पर्वत म्हणाले.

मला उठता येत नाही, नाहीतर तार न करता मीच आले असते. हे पत्र हातात पडेल त्या क्षणी, काम टाकून, मेहुण्यांना घेऊन मोठ्या इस्पितळात जा. काही नसेल तर मला जन्मभर हस. देव करो आणि तुला मला हसता येवो.

ताई

—

दि. १९ जून

ती. ताईस,
शि. सा. न.

तुझं पत्र सोमवारी आलं. मायना नव्हता, आशीर्वाद नव्हता. पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत पाहिलं, एकही विनोद सापडला नाही. मशीनवर अर्धा फ्रॉक तसाच टाकून आम्ही निघालो.

डॉक्टरीणबाईंनी चिंगीच्या डोळ्यांत औषधाचे थेंब घातले, अंधाऱ्या खोलीत नेऊन उजेड टाकला. चिंगीला वाटलं सावल्यांचा खेळ आहे. तिने हात पसरून सिंह केला. बाई हसल्या, मग आत वाकून पाहिल्यावर हसायच्या थांबल्या. तिथेच मला कळलं.

गाठ आहे, ताई. डावा डोळा काढावा लागणार. उजवा स्वच्छ आहे असं त्या म्हणाल्या, मी तीनदा विचारून घेतलं. काढलेला डोळा तपासायला पाठवतील. गाठ आतल्या आतच असेल तर पोरगी वाचली. मागच्या शिरेपर्यंत गेली असेल तर काय, हे मी विचारलं नाही. ह्यांनी विचारलं, पण मला सांगत नाहीत.

तुझी तार थट्टा समजून आम्ही दोन दिवस हसत बसलो, तेही बाईंना सांगितलं. दोन दिवसांनी फरक पडत नाही, पुष्कळ आईबाप वर्षभर उशिरा येतात, असं त्या म्हणाल्या. तेव्हा तूही स्वतःला खात बसू नकोस. ह्यांनी आरशाची तार काढून पाकिटात ठेवली आहे.

सुया, गज, मशीनचं चाक, सगळ्यांना मी भ्यायले आणि तो पांढरा उजेड पाहून म्हणाले, किती सुंदर. मला फार भीती वाटते आहे. या वेळी नको भिऊस असं लिहू नकोस.

तुझी,
भागू

—

दि. २३ जून

चि. भागूस,
अ. उ. आ. आणि जेवढे शिल्लक होते तेवढे सगळे आशीर्वाद चिंगीला.

नको भिऊस असं लिहीत नाही. मलाच भीती वाटते. दिवसभर खिडकीपाशी खुर्चीत बसून टपालवाल्याची वाट बघते, आणि तो वळणावर दिसला की पत्र नसलं तर बरं असं वाटतं. नसलं की मग जीव टांगणीला लागतो. शेजारीण म्हणते, तुम्ही एवढ्या धीराच्या आणि अशा काय करता? तिला काय सांगू, माझा सगळा धीर तुझी थट्टा करण्यापुरताच होता.

इस्पितळात तिला गुंतवायला लागेल. मोज्यात हात घालून आतली वस्तू ओळखायची, चमचा, बटण, किल्ली, काहीही. त्याला डोळे लागतच नाहीत. उशीच्या अभ्र्याचा डोंगर करून त्यावरून चिंधीची गाडी चालवायची. तिला घाई करू नकोस. आणि तू जेव.

एक ओळ तरी लिहीत जा. लोभ आता मीच मागते.

ताई

—

दि. ३ जुलै

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

ऑपरेशन झालं. आम्ही घरी आलो. पुढे खोटा डोळा बसवतील, तोवर पट्टी. तुझा मोज्याचा खेळ तिने सगळ्या वॉर्डाला शिकवला. एका नर्सबाईंना किल्ली ओळखता आली नाही, तर त्यांना तिने फार बोलून घेतलं.

काल बुधवार होता. मी पाळी रद्द करणार होते. पोरं पट्टी पाहून भितील, त्यांच्या आया काही बाही बोलतील, असं माझ्या मनाने घेतलं होतं. पण ढब्बू विचारायला थांबलाच नाही, बिस्किटांचा पुडा घेऊन आत आला. पट्टीकडे बघत राहिला. मग रडवेला होऊन म्हणाला की ही लबाडी आहे, चिंगीला पट्टी आणि आम्हाला नाही. जुळ्यांनी लगेच त्याच्या सुरात सूर मिळवला. मी कापडाचे तुकडे घेतले, नाडी लावली आणि तीन पट्ट्या शिवून दिल्या. मग चौघं एकडोळी पोरं टबात पाणी ओतायला बसली. कुणाचंच पेल्यात पडेना. चिंगी त्या सगळ्यांना शिकवायला लागली, आधी बोटाने पेल्याची कड शोधा, मग ओता. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं, ताई. ती कधीपासून असं करत होती कोण जाणे.

मग उशांवरून उड्या. धडाधड पडत होती सगळी. मी मशीनवरून उठले नाही. पडशील म्हणाले नाही. फक्त शिलाई कुठल्या कुठे गेली, तो फ्रॉक उसवावा लागणार.

तपासणीचा निकाल अजून यायचा आहे. दार वाजलं की माझा हात सुईवर थांबतो. त्या एका कागदावर माझी पोरगी राहणार की नाही ते आहे. ह्यांनी शेवटी सांगितलं, न सांगितलेलं. रडून झालं, आता मुकाट्याने वाट बघतो आहोत. पुढची काही वर्षं वरचेवर तपासण्या आहेतच, पण हा निकाल चांगला आला तर आधी तिला घेऊन तुझ्याकडे येईन. तार करीन. आणि हो, माझी तार थट्टा समजू नकोस.

जीव मुठीत धरून, तरीही लोभ मागणारी,
भागू

—

तार, दि. ११ जुलै

निकाल स्वच्छ. रविवारी येतो. सिंह सुटला आहे, दार उघडं ठेव. भागू.