डब्यावरची आवृत्ती

घरून, दि. ७ सप्टेंबर

चि. बारक्यास अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं, सोबतचा ढगांचा फोटोही. डोंगरावर बसून ढग बघणाऱ्या माणसाला त्याचा पगार मिळतो, हे चिमीला अजून पटत नाही. मामाला खरी नोकरी कधी लागणार, असं विचारत होती.

अप्पा आहेत तसेच. उजवं अंग हलत नाही, तोंडातून शब्द नाही. सुरुवातीला पाटी दिली, ती डाव्या हाताने चार रेघोट्या ओढून त्यांनी भिरकावली, हे कळवलंच होतं. त्यांना कितपत समजतं ते सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणतात. त्यांना सांभाळणाऱ्या बाई दुपारी जातात आणि मी ग्रंथालयातून संध्याकाळी येते. मधल्या वेळात घरात अप्पा आणि बारा वर्षांची पोर. हे तर सदा दौऱ्यावर. म्हणून ती शुश्रूषेची जागा बघून आले. स्वच्छ आहे, माणसं बरी वाटली. खोलीला खिडकी नाही, एवढंच. अप्पांना चाकाच्या खुर्चीवर बसवून जेवू घालता घालता मी ह्यांना हे सगळं सांगितलं. आपल्या दोघांची संमती लागेल. कागद सोबत आहे, मनाला पटलं तरच सही कर. मला पटलंय का, हे मलाच रोज वेगळं वाटतं.

पण आज लिहायला बसले ते दुसऱ्याच कारणासाठी. चिमी तू दिलेला तो गाव वसवायचा खेळ खेळते. काल ती बैठकीतला कॉम्प्युटर चालूच ठेवून दूध आणायला गेली. त्याच्यापुढची खुर्ची नेहमीप्रमाणे खिडकीशी ढकललेली. बसायची वस्तू जागेवर ठेवावी हे त्या मुलीला किती वेळा सांगायचं? ती ओढायला गेले आणि कॉम्प्युटरच्या पडद्यावर नजर पडली. निळ्या छपराच्या घरापुढे तीन पाट्या होत्या. एकीवर, ‘आईला सांगू नकोस.’ दुसरीवर, ‘बाई गेल्या की ये.’ तिसरीवर, ‘नदीपलीकडे घर बांधतोय. तिथे आपण दोघंच राहू.’

कोणी परका माणूस हे लिहितोय. बाई कधी जातात हे त्याला माहीत आहे. चिमीला विचारायची हिंमत झाली नाही. आपली रोजनिशी कोणी उघडली तर मला किती राग येतो ते तू जाणतोस, आणि मीच पोरीचं वाचून बसले. ह्यांना सांगितलं तर ते तिला फैलावर घेतील आणि ती तोंडच मिटून घेईल. तू त्या खेळाच्या कंपनीत चुका शोधायच्या कामावर होतास. हा माणूस आत कसा आला, ते मला सांग.

लोभ आहे तसाच राहू दे आणि उत्तर येत्या जीपनेच धाड.

तुझी ताई


केंद्रावरून, दि. १२ सप्टेंबर

ती. ताईस शि. सा. न. वि. वि.

शिधा घेऊन आलेली जीप खाली जायच्या आत हे लिहितोय, म्हणून अक्षर असं. इथला वायरलेस फक्त हवामानाच्या आकड्यांसाठी आहे, नाहीतर आत्ताच बोललो असतो.

पहिली गोष्ट. तुमच्याकडे त्या खेळाची कुठली आवृत्ती बसवलेली आहे ते बघ. सगळं त्यावर आहे. पहिलीत बाहेरचं कोणी येऊ शकत नाही. एकाच कॉम्प्युटरवर आळीपाळीने बसूनच दोघांना खेळता येतं. दुसरीत कंपनीने गावाच्या वेशी उघडल्या. जगाच्या पाठीवरचा कोणीही कोणाच्याही गावात शिरून पाटी लावू शकतो. मुलांच्या गावात मोठी माणसं मुलांची नावं घेऊन हिंडताना मी स्वतः पाहिलीत. वर कळवलं तर ती चूक नसून सोय आहे असं मला ऐकवण्यात आलं. नोकरी सोडून ढग बघायला आलो ते उगाच नाही. चिमीला तेवढं सांग.

दुसरी असेल तर आधी इंटरनेटची वायर काढ, मग विचार कर. माणूस चिकाटीचा दिसतो. त्या पाट्यांची अक्षरं खोक्यातून माऊसने एकेक उचलून लावावी लागतात, छापखान्यात अप्पा अक्षरांचे खिळे जुळवायचे तशी. एका ओळीला अर्धा तास जातो म्हणून मी तक्रारही केली होती. असल्या माणसाला वेळ भरपूर असतो, आणि मला भीती त्याचीच वाटते.

अप्पांच्या कागदावर सही करून सोबत ठेवलाय. करताना हात जड झाला. पण रोजचं तू बघतेस, मी लांबून कशाला शहाणपण शिकवू?

चिमीला गोड पापा. ओरडू नकोस तिला. माया आहेच, ती पत्रात मावत नाही.

तुझा बारक्या


घरून, दि. १७ सप्टेंबर

चि. बारक्यास अनेक आशीर्वाद.

दुसरी आहे. डब्यावर ठळक अक्षरात छापलंय, आवृत्ती दुसरी. खात्री व्हावी म्हणून मी दोनदा वाचलं.

वायर काढली. कॉम्प्युटरवर चादर टाकली. मग चिमीला समोर बसवून विचारलं, तो कोण आहे? ती म्हणाली की तिने शब्द दिलाय. मी समजावलं, रागावले, शेवटी रडले. ती नाही रडली. तो वाईट नाही, एवढंच म्हणाली. बारक्या, अशी माणसं वाईट नाहीत असंच मुलांना वाटत असतं ना? ग्रंथालयातून लवकर निघते. दोन कड्या घालते. रस्त्यात कोणी दाराकडे बघत थांबलं की तोच असेल असं वाटतं. काल वीजमीटर वाचायला आलेल्या माणसाला मी इतके प्रश्न विचारले की तो आकडा न घेताच गेला.

त्यात अप्पांनी जेवण टाकलंय. चमचा ओठांशी नेला की मान फिरवतात. दिवसभर त्या चादरीकडे तोंड करून बसतात. त्या जागेने विचारणा केली होती, पहिल्या तारखेपासून खोली रिकामी आहे. तुझ्या सहीचा कागद मिळाला. माझी सही अजून व्हायची आहे. एका वेळी एकच भीती झेपते रे.

जीव लावतोस तसाच लाव, आणि काही सुचलं तर लिही.

तुझी ताई


केंद्रावरून, दि. १९ सप्टेंबर

ती. ताईस सा. न.

तुझं पत्र पुन्हा वाचताना ‘डब्यावर’ या शब्दावर अडखळलो. तू ग्रंथालयात पुस्तकांच्या नोंदी करतेस. पुस्तकावर जी आवृत्ती छापलेली तीच आत असते, तशीच तू डब्यावरून उतरवून घेतलीस. खेळाचं तसं नसतं, ताईसाहेब. डब्यात काय होतं ते डबा सांगतो, कॉम्प्युटरवर काय बसवलंय ते सांगत नाही. मला अंधुक आठवतंय की तुमच्या जुन्या कॉम्प्युटरला दुसरी झेपत नव्हती. तेव्हा मी पहिलीच बसवली की काय, ते मात्र खात्रीने सांगवत नाही.

वायर न लावता खेळ सुरू कर. पहिल्या पडद्यावर खाली डाव्या कोपऱ्यात बारीक आकडा येतो. दोनने सुरू होत असेल तर लगेच पोलिसांत जा. एकने सुरू होत असेल, तर बाहेरून कोणीही आलेलं नाही. मग पाट्या लावणारा तुमच्या घरात, त्या कॉम्प्युटरसमोर बसून गेलाय. तसं असेल तर किल्ल्या कोणाकोणाकडे आहेत ते आठव आणि चिमीला क्षणभरही एकटी ठेवू नकोस.

इथे वारा पडलाय आणि मला काही सुचत नाहीये. सांभाळ सगळ्यांना, मलाही मनात ठेव.

तुझा बारक्या


घरून, दि. २४ सप्टेंबर

चि. बारक्यास खूप खूप आशीर्वाद.

एकने सुरू होतो.

तो आकडा पाहिला तेव्हा माझी पाठ दाराकडे होती आणि मागे वळवेना. घरात येऊन बसून गेला. कुठे बसला असेल म्हणून खुर्ची पाहिली, तर ती खिडकीशी. चादर टाकल्यापासून तिला कोणी हात लावला नव्हता. मी चिमीवर चिडायचे ती याच खुर्चीवरून. ती बाजूला कशाला ढकलावी लागत होती? बारक्या, ज्याची खुर्ची त्याच्याबरोबरच चालत येते, त्याला दुसरी अडचणच होणार. मग दिसलं की माऊसही डाव्या हाताला ठेवलेला होता.

वळले. अप्पा माझ्याकडे बघत होते.

चिमीला बोलावलं. आता मी शब्द मोडला असं होत नाही ना, असं तिने आधी अप्पांना विचारलं. मग म्हणाली की आजोबांना पाटीवरचं आपलं वाकडं अक्षर बघवत नाही, पण जुळवलेली अक्षरं सरळ येतात. मला का सांगायचं नाही, असं विचारलं तर तिने खेळातलं गाव पुढे सरकवत नदीपलीकडे नेलं. तिथे एक घर आहे. चारही भिंतींना खिडक्याच खिडक्या. दारापुढे पाटी, ‘त्या खोलीला खिडकी नाही म्हणे.’

चमचा त्यांच्या तोंडात घालता घालता बोलले होते मी ते. त्याआधी त्यांच्यादेखत आणखी काय काय बोलले, ते आता आठवत बसते. त्यांनी सगळं ऐकलं. ते मला घाबरले होते, बारक्या. मी परक्या माणसाला घाबरत होते आणि माझे वडील मला.

त्यांची चाकाची खुर्ची कॉम्प्युटरसमोर आणली आणि मी शेजारी स्टुलावर बसले. तुम्हाला कुठेही पाठवणार नाही, असं खेळातल्या पाटीवर लिहायला घेतलं होतं. पण ते निभावता येईल का, याची खात्री नव्हती. खोटं लिहवेना. मग लावलं, ‘तुम्हाला विचारल्याशिवाय काही ठरवणार नाही.’ तेवढ्याला माझे डोळे दुखले.

मग त्यांनी घेतलं. डावा हात थरथरतो, पण अक्षर उचललं की थेट जागेवर. पहिला शब्द ‘भीती’ झाला. पुढचं मी मनात पुरं करून टाकलं आणि तोंड फिरवलं. चिमीने माझी बाही ओढली. पाटी पुरी झाली होती.

‘भीती वाटते का तुला?’

मी ‘हो’ लावलं. त्यांनी माऊस सोडला आणि तो हात माझ्या मनगटावर ठेवला. रात्री पेज घेतली, अर्धी वाटी.

तुझ्या सहीचा कागद सोबत परत पाठवतेय. दुपारचं काय करायचं ते अजून ठाऊक नाही, पण आता आपण तिघं ठरवू. अप्पा धरून. त्यांना पत्र लिही, मी वाचून दाखवीन. उत्तर यायला वेळ लागेल.

लोभ त्यांच्यावरही असू दे, ऐकतात ते.

तुझी ताई