गावात नवीन दिसतोस

२ फेब्रुवारी, सोमवार. मल्लेश्वरम

पोचलो! के. आर. पुरमला उतरलो तर इतकं गार वारं की सोलापूरच्या माणसाला रडू यावं. मी फलाटावर उभा राहून एकटाच मोठ्यानं हसलो. शेजारच्या बाईनं पोराला जवळ ओढलं. ओढू दे. ज्या शहरात केतकी राहते त्या शहरात मी आता राहणार, आणि हे त्या बाईला कुठून कळणार.

मामा स्टेशनवर येणार होता, आला नाही. मेट्रोनं ये म्हणाला. मॅजेस्टिकला गाडी बदलली. सगळा डबा माना खाली घालून फोनमध्ये, आणि प्रत्येकाच्या गळ्यात ओळखपत्राचा पट्टा. हरवलाच तर कुणी घरी आणून सोडेल म्हणून असावा.

सुधींद्रमामा सरकारी कारखान्यात इंजिनियर आहे. तीस वर्षं इथे राहून त्यानं काय कमावलं, तर एक स्कूटर आणि कॉफीबद्दलची मतं. सुचेतामामी तर इथलीच. तिचं मराठी म्हणजे बिसिबेळे भातात कुणी पुरणपोळी कुस्करावी तसं. "स्वल्प बस, कॉफी घे, मग आंघोळ, सरी?" असं ती मला म्हणाली आणि मी हसू दाबलं. पण बाई प्रेमळ आहे. मोगऱ्याच्या बाजूची खोली दिली, उशीला नवा अभ्रा घातला.

दुपारी दारात कुरियरवाला आला. गळ्यातल्या ओळखपत्रावर नाव ठळक मराठी, बोलण्यात नागपूर. तरी मामी त्याच्याशी आधी कन्नडमधून आणि मग हिंदीतून बोलली. आत आल्यावर मी विचारलं, तर म्हणे बाहेरच्यांशी कशाला मराठी बोलायचं, मराठी घरच्यांसाठी. म्हणजे यांच्याकडे मराठी चांदीच्या ताटासारखं कपाटात असतं, घरचा माणूस आला की बाहेर निघतं.

मी तिसऱ्या वर्षाला कॉलेज सोडलं हे सगळ्यांना माहीत आहे, पण कुणी बोललं नाही. मामाच्या ओळखीनं बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात स्टोअरमध्ये लावणार आहेत. लावा. नट मोजायला मी आलेलो नाही.

४ फेब्रुवारी, बुधवार

केतकी भेटली. एकटी नाही.

सोबत ध्रुव नावाचा प्राणी होता. तिच्याच ऑफिसातला, पुण्याचा. बॅग छातीवर लावतो, जशी काय आत अंडी आहेत. मल्लेश्वरमच्या दर्शिनीत, म्हणजे इथल्या उभ्यानं खायच्या हॉटेलात, कॉफी पीत होतो. तो वेटरला थँक यू म्हणाला, मग टेबल पुसणाऱ्याला, मग कपाला म्हणतो की काय असं वाटलं.

तिला मी नको होतो, कन्सोल हवा होता. पुण्यात दुसऱ्या वर्षाला आम्ही दोघांनी मिळून एक जुना, हातात धरून खेळायचा जपानी कन्सोल घेतला होता. त्यात एकच खेळ. नावेतून एका गावी उतरायचं, झाडं लावायची, गावकऱ्यांशी ओळखी वाढवायच्या. मारामारी नाही, काही नाही. मला तो बावळटांचा वाटायचा, पण केतकी जीव टाकायची. दोन वर्षं तिनं तिथे संत्र्याची बाग केली, पूल बांधला, गावाला स्वतःचं नाव दिलं. नोकरीसाठी ती इकडे आली, मेसेजवर मला सोडलं, आणि कन्सोल माझ्याकडेच राहिला. तो दे म्हणाली, त्यात माझं गाव आहे.

मी म्हणालो, माझ्याशी नीट बोल, मग देतो. आवाज जरा चढला. कॉफी ध्रुवच्या पांढऱ्या बुटांवर सांडली, आणि तो मलाच सॉरी म्हणाला. असल्या माणसाचं काय करायचं?

केतकी ओरडली नाही. ओरडली असती तर बरं. "आशय, मी तुला ओळखते रे," म्हणाली. "तोच तर प्रॉब्लेम आहे."

५ फेब्रुवारी, गुरुवार

ओळखते म्हणे.

सकाळभर ते वाक्य डोक्यात फिरत होतं. जेवण झाल्यावर कन्सोल काढला. त्यात सेव्ह एकच राहतो, दुसऱ्याला जागा नाही. म्हणजे नवा खेळ सुरू करायचा तर तिचं गाव जाणार. जाऊ दे! दाबलं. खेळ इंग्रजीत विचारतो, मी मराठीत उतरवतोय: आधीचं गाव पुसलं जाईल. इथलं कोणीही तुला ओळखणार नाही. चालेल?

चालेल. पुन्हा विचारलं, नक्की? अरे नक्की, तुझ्या बापाचं काय जातंय.

दोन वर्षांची संत्र्याची बाग एका बोटात साफ. मग पडदा पांढरा, मग पाणी, मग नाव वल्हवणारा तो म्हातारा. वर्षानुवर्षं एकच टोपी, एकच वाक्य. गावात नवीन दिसतोस. नाव काय तुझं? मी आशय टाकलं. म्हातारा म्हणतो, छान नाव आहे, जपून ठेव. खेळण्यातला म्हातारा मला अक्कल शिकवतोय.

संध्याकाळी मामीनं चित्रान्न केलं होतं, लिंबू पिळलेला फोडणीचा भात. दोनदा घेतलं.

७ फेब्रुवारी, शनिवार

रिकामं गाव तिच्या हातात ठेवून तिचं तोंड बघायचं, एवढ्यासाठी के. आर. पुरमला गेलो. ती तिथेच पीजीत राहते. मेट्रोच्या जिन्याशी गाठली. समोर उभा राहिलो तर म्हणाली, "भैया, थोड़ा साइड."

भैया. मला.

नाटक वाटलं. मी मराठीत काहीतरी लागट बोललो. तर चेहरा एकदम खुलला आणि तिनं विचारलं, तुम्ही मराठी का? तुम्ही! दोन वर्षं जी मला अरे गाढवा म्हणायची ती मला तुम्ही म्हणाली. तिच्यादेखत तिला फोन लावला. तिच्या पडद्यावर नुसता नंबर आला, नाव नाही. तिनं तो कापला आणि कसले कसले कॉल येतात म्हणून माझ्याकडेच तक्रार केली.

ती खोटं बोलली की डावा कान लाल होतो. कान पांढरा होता.

परतीच्या गाडीत आधी घाम फुटला. मग विचार केला, यात वाईट काय आहे? ओळखते हाच प्रॉब्लेम होता ना? आता ओळखत नाही. सगळी पाटी कोरी, आणि मला मात्र तिचं सगळं माहीत. असा डाव कुणाला मिळतो?

१० फेब्रुवारी, मंगळवार

दोनदा भेटलो. "योगायोगानं". तिला आलेपाक आवडतो, हॉर्न वाजवणारे आवडत नाहीत, आणि वडिलांचा विषय काढायचा नसतो. मी आलेपाक नेला, हॉर्नवाल्याला शिव्या दिल्या, वडिलांचा विषय काढला नाही. ती हसली, अगदी पहिल्यासारखी.

कारखान्यात गेलो नाही. मामीनं मात्र उशिरापर्यंत जेवण झाकून ठेवलं होतं.

खेळात एक गंमत. माझ्या नव्या गावात एक बाई आहे. तिच्या दारात मोगरा. रोज कॉफी देते आणि इंग्रजी अक्षरांत म्हणते, स्वल्प बस. जपानी खेळात कन्नड? कुणीतरी इथल्याच पोरांकडून फुकटात काम करून घेतलं असणार.

११ फेब्रुवारी, बुधवार

ध्रुव मध्ये आला. आम्ही कॉफी पीत होतो आणि हा टपकला, पुन्हा छातीवर बॅग. मला हात पुढे केला, म्हणजे यालाही मी आठवत नाही. मी हात घेतला नाही. जे बोललो ते खरंच होतं, फक्त जरा मोठ्यानं होतं.

केतकी उठली. माझ्याबद्दल इतकं सगळं तुम्हाला कसं माहीत, असं तिनं विचारलं, आणि मला तुमची भीती वाटते म्हणाली. वर परत भेटू नका.

एक चूक! एवढा चांगला डाव एका चुकीनं घालवायचा? मुळीच नाही. मेट्रोत बसल्या बसल्या नवा सेव्ह सुरू केला. मोगरेवाली बाई दारात उभी होती, तिला काहीतरी बोलायचं होतं. ऐकून कोण घेतो. चालेल. नक्की.

१२ फेब्रुवारी, गुरुवार. के. आर. पुरम, फलाटावरचा बाक

मांडीवर डायरी ठेवून लिहितोय म्हणून अक्षर असं.

काल घरी गेलो, बेल वाजवली. मामीनं दार अर्धंच उघडलं. "यारु बेकु?" म्हणाली, कोण हवंय. मी हसलो, म्हणालो मामी, भूक लागलीय. तर तिनं साखळी लावली आणि हिंदीत विचारलं, भैया, किससे मिलना है?

मामा आला. तोही हिंदीत. मी त्याला आईचं नाव सांगितलं, आजोबांचं सांगितलं, त्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन सांगितलं. माझी बॅग आत आहे म्हणालो. त्यानं जाऊन बघितलं. मागे उघड्या दारातून मलाही दिसली ती खोली. रद्दीनं छतापर्यंत भरलेली, तिथे कधी कुणी झोपलंच नसावं अशी.

मग मामी मामाला म्हणाली, मराठीत, मला ऐकू जाईल अशी: "अहो, मराठी किती स्वच्छ शिकलाय बघा. असलेच लोक फसवतात."

शिकलाय.

शर्टाच्या खिशात फोन आणि या पिशवीत डायरी, कन्सोल. बाकी काही नाही माझ्याकडे.

१४ फेब्रुवारी, शनिवार

आईला फोन केला. ती ओळखते! नुसतं हॅलो म्हणालो तर आवाज ऐकूनच, काय झालं रे, म्हणाली. मामा म्हणतो तू पोचलाच नाहीस, मग कुठे आहेस. मी खोटं काहीतरी सांगितलं. ती म्हणाली ये घरी, कुणी काही बोलणार नाही, शेंगाचटणी कुटून ठेवते. संध्याकाळच्या गाडीनं निघायचं ठरलं.

कन्सोल फेकून द्यायला काढला. नव्या गावात या वेळी मला घर मिळालंय. घरात एक आई आहे. टेबलावर चटणीचा डबा. ती म्हणते, जेवलास का? मराठीत. देवनागरीत.

फेकला नाही. बंद केला. हे गाव पुसायचं नाही, एवढं मला कळतं. एवढा मूर्ख मी नाही.

तोच दिवस, नंतर

गाडी यायची होती. तेवढ्यात जिन्यावरून ती दोघं. तिच्या हातात आलेपाक. माझा आलेपाक, ध्रुवनं दिलेला. माझ्या अंगावरून गेली, खांद्याला खांदा लागला, आणि वळूनसुद्धा —

एकदा, फक्त एकदा नीट खेळलो असतो तर —

दाबलं. आई दारात उभी होती, तिचं वाक्य पुरं व्हायच्या आत दाबलं. मग गाडी आली, गेली. मी का बसलो नाही?

१५ फेब्रुवारी, रविवार

आईला फोन लावला. लावायचा नव्हता, पण —

आईचं हिंदी फक्त गॅसवाल्यासाठी आणि भंगारवाल्यासाठी असतं. आयुष्यात कधी माझ्या वाट्याला आलं नाही.

"हॅलो. कौन बोलता? राँग नंबर है भाऊ."

मी म्हणालो, आई, मी. ती म्हणाली, मेरेकू लडका नहीं. चिडून नाही. समजावून सांगितलं, परक्याला सांगतात तसं. मागे खलबत्त्याचा आवाज येत होता. कुणासाठी कुटतेय, तिला तरी माहीत —

पुन्हा लावला. उचलला नाही.

१६

केतकी गेली समोरून. मी हाक मारली नाही. कुठल्या भाषेत मारायची?

चहावाला कन्नड. पोलीस हिंदी. बाकावरचा म्हातारा बघतही नाही.

कन्सोल आपोआप चालू होतो. गावात कोणी नाही. घर नाही, बाग नाही, नुसतं पाणी आणि नाव. नाववाला मराठी बोलतो. अख्ख्या शहरात तो एकटाच माझ्याशी मराठी —

पुन्हा सुरू करायचं का, विचारतोय. आधीचं पुसलं जाईल म्हणतो.

हॅट्. आता पुसायला उरलंय काय? दाब —

फेब्रुवारी. के. आर. पुरम

काय सुंदर गार वारं आहे इथे! बसल्या बसल्या हसू आलं.

पिशवीत ही डायरी सापडली, बसून सगळी वाचली. आशय म्हणून कोणी भंपक पोरगा आहे. मामामामीला हसतो, ध्रुव म्हणून बिचारा सभ्य माणूस आहे त्याला हसतो, आणि आई चटणी कुटते तर हा गाडीत बसत नाही. केतकीनं सोडला ते उत्तम केलं. असल्याला कोणी ओळखूच नये. अक्षर मात्र माझ्यासारखंच गचाळ.

एक कन्सोलही आहे, चालू. नावेत टोपीवाला म्हातारा. चांगलं मराठी बोलतो. गावात नवीन दिसतोस, म्हणतो. नाव काय तुझं?

हा काय अवघड प्रश्न झाला? आधी इथे लिहितो, मग तिथे टाकतो. माझं नाव