नदीत पडलेली साखळी

प्रिय आई,

हे पत्र शिवणवाल्या काकूंच्या दुकानाच्या पत्त्यावर मुद्दाम पाठवलंय. काकू, मशीन बंद करा, शटर अर्धं खाली ओढा आणि सावकाश वाचून दाखवा. आईंचे कान ठणठणीत आहेत, ओरडायची गरज नाही. आणि मधली एकही ओळ गाळायची नाही, कितीही अवघड वाटली तरी.

फोनवर का नाही सांगितलं, असं म्हणाल. अहो, फोन असतो कुणाच्या हातात? मला इथे परदेशात येऊन सात वर्षं झाली, दर रविवारी तुमचा मुलगा व्हिडिओ कॉल लावतो, स्पीकरवर टाकतो, त्याचं सगळं बोलून झालं की शेवटची दोन मिनिटं तुमच्यापुढे धरतो. तुम्ही म्हणता बरी आहे, मी म्हणते बरी आहे, झालं. आणि हो, पत्रभर 'तुमचा मुलगा' असंच लिहिणार आहे. राग उतरला की 'हे' म्हणेन.

मागच्या रविवारी काय झालं ते तुम्हाला कुणी सांगितलं नसणार. फोन आला तेव्हा मी पाणी भरायला गेले होते, म्हणून माझ्या खोलीतल्या बाईने तो उचलला. ही बाई माझ्या दुप्पट, केस पोरासारखे बारीक कापलेले, आपल्या भाषेतला एक शब्द तिला कळत नाही. तुम्ही तिच्या तोंडाकडे बघून दोन मिनिटं बोलत होतात, की अगं किती वाळलीस, केस तरी नीट बांध, वेळेवर जेवत जा. ती बिचारी मान हलवत होती. मागून तुमचा मुलगा हसत होता, म्हातारीची गंमत बघा म्हणून कुणाला तरी बोलावत होता. मी दारात बाटल्या घेऊन उभी. अंगाची नुसती लाहीलाही झाली हो! तुम्हाला दिसत नाही, आणि ही त्याला गंमत वाटते.

तुमच्या डोळ्यांच्या ऑपरेशनचे पैसे मी तीनदा पाठवलेत, आई. तुम्हाला एकदाही कळलं नसेल. पहिल्यांदा पाठवले तेव्हा मोटरसायकल आली. दुसऱ्यांदा न्हाणीघराला फरशी बसली, जिच्यावरून तुम्ही गेल्या वर्षी घसरलात तीच. तिसऱ्यांदा ते लोखंडी फाटक, वर त्याच्या नावाची पाटी. दर वेळी मला सांगायचा, मोतीबिंदू अजून पिकला नाही, डॉक्टर थांबा म्हणतात. आणि मी मूर्ख, त्या फाटकाचा फोटो इथे सगळ्यांना दाखवत फिरले.

मी हॉस्पिटलात कामाला आहे एवढंच तुम्हाला माहीत आहे. मी तिथल्या धुलाईखान्यात असते, तळघरात. वाफेने भिंती घामेजलेल्या असतात. कपडे मशीनमध्ये धुतले जातात, मी इस्त्री करते आणि घड्या घालते. त्यात हिरवी कापडं असतात, मधोमध एवढंसं भोक. पेशंटच्या तोंडावर ते टाकतात आणि भोकातून फक्त डोळा उघडा ठेवून ऑपरेशन करतात. तीन वर्षं मी ती कापडं रोज घडी करून ठेवतेय, आई. परक्या माणसांच्या डोळ्यांची! लग्नानंतर मी घातलेली चादरीची प्रत्येक घडी तुम्ही उलगडून पुन्हा घालायचात, आठवतं? तेव्हा मनातल्या मनात तुम्हाला काय काय बोलले ते लिहीत नाही, काकू वाचतायत. पण आज इथे माझ्यासारखी घडी कुणाची नाही.

गठ्ठे न्यायला येणाऱ्या नर्सबाईला परवा मोतीबिंदूचं विचारलंच. पिकायची वाट बघायला ते काय फळ आहे, म्हणून ती हसली. आता कुणी तसं थांबत नाही, उलट फार थांबलं तर काम अवघड होतं, म्हणाली. हातातली इस्त्री मी बाजूला ठेवली, नाहीतर कापड जळलं असतं.

मी इथे यायला निघाले तेव्हा हाच तुमचा मुलगा घर डोक्यावर घेऊन बसला होता. माझी बायको दुसऱ्यांची धुणी धुणार नाही म्हणे! एजंटला द्यायला पैसे नव्हते. तेव्हा तुम्ही, घडी मोडणाऱ्या तुम्ही, गळ्यातली साखळी काढून माझ्या हातात ठेवलीत. त्याला सांगितलं, कपडे धुताना नदीत पडली. आणि एजंटचे पैसे कंपनी माझ्या पगारातून कापून घेईल, असंही सांगितलं. तीन दिवस तो मित्रांना घेऊन नदीत गाळ उपसत होता आणि आपण दोघी काठावर तोंडात पदर कोंबून बसलो होतो. हसून हसून माझं पोट दुखलं होतं. त्यानंतर सात वर्षं तो तुम्हाला वेंधळी म्हणतो, चारचौघांत म्हणतो, आणि तुम्ही ऐकून घेता. बस झालं आता.

या महिन्याचे पैसे त्याच्या नावावर नाहीत. तुमच्या नावावर पाठवलेत. मंगळवारी काकूंबरोबर पैसे मिळतात त्या खिडकीवर जा, ओळखपत्र न्या. पैसे काढायला लागणारा नंबर काकूंच्या फोनवर येईल. तिथून सरळ डोळ्यांच्या दवाखान्यात, काकूंनी वेळ घेऊन ठेवली आहे. तो चिडेल, तुम्ही घाबराल, मुलाला कसं दुखवू म्हणाल. तुम्ही नाही गेलात तर पैसे तिथेच पडून राहतील, पण ते मी त्याच्या नावावर फिरवणार नाही, सांगून ठेवते. पैसे देण्याआधी खिडकीतला माणूस एक खुणेचा प्रश्न विचारेल. तो मीच लिहून दिलाय: साखळी कुठे पडली? खरं उत्तर द्यायचं, आई, आणि मोठ्याने. तुमचा मुलगा मागोमाग आला असेल, तर त्याच्याकडे तोंड करून सांगा. पडलीच नाही.

तुमचीच,
वाळलेली सून