पाचव्या दिवसाचं धुणं

चाकापाता,
१९ जुलै १९९८

चि. इलारियो यास,
अनेक आशीर्वाद.

आशीर्वाद रीत म्हणून लिहिला आहे. थोरल्या बहिणीने धाकट्या भावाला पत्र लिहायचं तर तो लिहावाच लागतो. पुढचं मात्र मनापासून आहे, तेव्हा नीट वाच.

बाबांना जाऊन आज तेरा दिवस झाले. सहा तारखेला पहाटे गेले, आणि त्याच सकाळी तू कुस्कोहून तुझी अकरा परदेशी माणसं घेऊन डोंगरात शिरलास. मी फोर्तुनातोकाकांना खेचरावर बसवून उलट वाटेने तुझ्याकडे धाडलं. साठी उलटलेला माणूस, दोन खिंडी ओलांडून दुसऱ्या दिवशी संध्याकाळी त्याने तुला गाठलं. तिथून तुझ्या पायांना घर दीड दिवसाचं. आणि तू उगवलास पाचव्या दिवशी दुपारी! आलास असं तरी कसं म्हणू? दिसलास म्हणते.

आम्ही नदीवर बाबांचे कपडे धूत होतो. तू पलीकडच्या काठावर, पुलाच्या तोंडाशी, मागे तुझं ते रंगीबेरंगी लटांबर. पाचव्या दिवसाचं धुणं चालू असताना पलीकडून कुणी पूल ओलांडायचा नाही, नाहीतर गेलेला त्याच्या मागोमाग परत येतो, हे मलाही ठाऊक आहे. पूल ओलांडला नाहीस म्हणून मी रागावले नाही. पण टोपी काढून गप्प उभं राहायला तुला कोणी बंदी केली होती? हातातली काठी उचलून तू त्यांना आम्हाला दाखवत होतास. पडक्या भिंती दाखवतोस ना, अगदी तसं. बोलतोयस, बोलतोयस, थांबायचं नाव नाही. आणि एक लाल जाकिटवाली बाई गुडघे टेकून फोटो काढत होती. माझ्या हातात बाबांची विजार होती रे, दोन्ही गुडघ्यांना ठिगळं लावलेली. लाज वाटली नाही तुला?

मग धुणं आटोपायच्या आत तुझी वरात खाली ट्रकच्या रस्त्याला लागलीसुद्धा.

नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेला गेलेल्यांचं जेवण मांडू, बाबांचं पहिलंच. मुलाने हाक मारल्याशिवाय बाप पहिल्या जेवणाला येत नाही म्हणतात. येईल, माझ्या हाकेने येईल. तू त्या दिवशी घरी येऊ नकोस. तुझ्यासाठी त्या टेबलाशी जागा नाही.

कळावे. लोभ वगैरे मागायची आज माझी तयारी नाही.

तुझी बहीण,
सातुर्निना


कुस्को,
२ ऑगस्ट १९९८

ती. सातुर्निनाताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र काकांनी माझ्या हातात ठेवलं आणि खेचराला पाणी पाजायचं निमित्त करून ते लगेच सटकले. त्यावरूनच ओळखलं की आत निखारे आहेत.

आता माझं ऐक. त्या संध्याकाळी काका तंबूपाशी आले आणि म्हणाले की बाबांना बरं नाही, जमेल तितक्या लवकर ये, आणि पहाटेच परत फिरले. बरं नाही! बाबांना बरं कधी होतं? गेली चार वर्षं ते दर थंडीत मरायला टेकायचे आणि पेरणीला उठून सगळ्यांना शिव्या घालायचे. गेले म्हणाले असते तर ती अकरा माणसं काकांच्या आणि आचाऱ्याच्या गळ्यात बांधून मी पळत सुटलो असतो. बरं नाही एवढ्यासाठी अकरा जणांना बर्फाच्या शिखराखाली सोडून जाणारा वाटाड्या तुला आवडला असता का? बाबांना तरी?

तरी सहा दिवसांची वाट मी पाच दिवसांत काढली. ज्या पडक्या शहरासाठी हे लोक अर्धं जग ओलांडून येतात, ते त्यांना पाऊण तासात उरकून दाखवलं. पायऱ्यांवरून मेंढरांसारखे हाकले. त्यांच्यातल्या एका निवृत्त मास्तराने माझ्याविरुद्ध दोन पानी तक्रार लिहून दिली आहे, ती मालकाने माझ्या तोंडासमोर नाचवली. धापा टाकत पुलापाशी पोचलो तर पाण्यात बाबांचा पांघरायचा तपकिरी पोंचो. तोपर्यंत मला काहीही माहीत नव्हतं, ताई. बाबा गेल्याचं मला त्यांच्या पोंचोवरून कळलं.

मागून सगळे विचारायला लागले, हे काय चाललंय म्हणून. मी गप्प बसलो असतो तर तिथेच कोसळलो असतो, म्हणून बोलत राहिलो. काय बोललो ते तू विचारलं नाहीस. मी सांगितलं की एका खेचरवाल्याला निरोप देताहेत. त्याने तीस वर्षं या खिंडीतून मीठ आणि मका नेला, एक जनावर दरीत जाऊ दिलं नाही. मक्याची दारू चढली की बेसूर गायचा आणि कुणी हसलं तर आणखी मोठ्याने गायचा. मुलगा वाटाड्या झाला तेव्हा त्याने विचारलं होतं की दगड दाखवायलासुद्धा माणूस लागतो का? हे सांगितलं. तो माझा बाप आहे हे तेवढं सांगितलं नाही. त्यांनी कीव केली असती, आणि ती मला नको होती. लाल जाकिटवालीचा कॅमेरा मी हाताने खाली केला. ते तुला बरं दिसलं नाही!

त्यांच्यातला एकजण उंचीच्या त्रासाने सारखा ओकत होता. त्याला त्याच दिवशी खाली नेणं भाग होतं. नेलं, ट्रकात घातलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी घरी आलो. हे तुझ्या पत्रात कुठेच नाही. तू मला वाटेवर पाहिलंस, आत गेलीस, दाराला आडणा लावलास आणि कुत्रं सोडलंस. मी दुपारपर्यंत अंगणाच्या भिंतीपाशी उभा होतो. आतून आईचा खोकला ऐकू येत होता. लाज मला विचारतेस?

आईला साष्टांग नमस्कार. तुझा लोभ किती आहे ते कुत्र्याने सांगितलंच आहे.

तुझा भाऊ,
इलारियो


चाकापाता,
२३ ऑगस्ट १९९८

चि. इलारियो यास,
अनेक आशीर्वाद.

हो, दार लावलं. कुत्रंही मीच सोडलं, पण ते नालायक तुला चाटायला धावलं, त्याला मी काय करू?

आणि फोर्तुनातोकाकांवर डाफरू नकोस. बरं नाही एवढंच सांगा, हे मीच त्यांना चार वेळा बजावलं होतं. खिंडीच्या वर असलेल्या माणसाला मरणाची बातमी देत नाहीत. डोंगर ती ऐकतो आणि आणखी एकाला ठेवून घेतो. आपल्याला हे कोणी शिकवलं? बाबांनीच ना? माझा बाप गेला होता, आता भाऊही डोंगराला द्यायचा होता का मी? पण तुला अक्कल म्हणून काही आहे की नाही? साठीचा म्हातारा दोन खिंडी ओलांडून खोकल्याची बातमी द्यायला येतो का रे? दुसरा कोणीही काकांचं तोंड बघून समजला असता. तू माणसांची तोंडं बघायची सोडून दिलीस. तुला दगड कळतात.

आणि तेही धड नाही. पडक्या शहराच्या खालच्या अंगाला राजाचं स्नानगृह म्हणून जे कुंड तू दाखवतोस, ते आपल्या आजोबांनी मेंढ्यांना औषधाच्या पाण्यात बुचकळायला बांधलेलं आहे. गावात सगळ्यांना माहीत आहे. परवा म्हणे एक परदेशी बाई तिथे डोळे मिटून तासभर बसली होती. काका सांगताना हसून हसून लाल झाले. मला हसू आलं नाही. खरं तर आलं, पण मग बाबांना सांगायला वळले आणि ते नव्हते.

घरचं म्हणशील तर दंव अजून पडतंय, बटाटे वाळवायला घातले आहेत, दोन अल्पाका व्यायल्या. आई माझ्याशी बोलत नाही. पाचव्या दिवसापासून एक शब्द नाही. चूल बघते, सूत कातते, मी काही विचारलं की अल्पाकांकडे तोंड करून उत्तर देते. हे सगळं तुझ्यामुळे.

नोव्हेंबरचं मी रागात लिहिलं होतं. लिहिलेलं खोडायची मला सवय नाही. तुला काय करायचं ते तू ठरव, आता लहान नाहीस.

स्वेटर घालत जा. एवढ्याने लोभ समज.

सातुर्निना


कुस्को,
२० सप्टेंबर १९९८

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

वा! रागात लिहिलं होतं आणि खोडायची सवय नाही. माफी मागायची ही नवी तऱ्हा बघितली. आपल्या घरात माफी मागितली की दात पडतात, असं बाबांनीच आपल्याला शिकवलं असणार.

खिंडीचा नियम मी विसरलो होतो, हे कबूल करतो. काका इथे बाजाराला आले तेव्हा त्यांच्याकडेही गेलो होतो, त्यांच्यासाठी चघळायला कोकाची पानं नेली. आजोबांच्या कुंडाबद्दल मात्र ऐकून घेणार नाही. राजे काय अंघोळ करत नव्हते? आजोबांनी जुन्यावरच बांधलं नसेल कशावरून?

तुझी पत्रं मी तीन तीन वेळा वाचली. येऊ नकोस हे त्यांत स्वच्छ लिहिलं आहे. ये असं कुठेच नाही. मालकाने एकोणतीस ऑक्टोबरपासून सहा दिवसांची तुकडी घेशील का म्हणून विचारलं. पावसाचे दिवस, दुसरा कोणी तयार नाही. मी हो म्हणालो. बाबांच्या जेवणाच्या दिवशी मी त्या पडक्या शहरात असेन आणि नऊ अनोळखी माणसांना सांगत असेन की इथले लोक आपल्या पूर्वजांना किती मानतात. बाबांना तुझ्या हाकेने यायचं आहे ना, मग येऊ देत. मी कशाला मध्ये?

आई तुझ्याशी बोलत नाही याचं खापर माझ्यावर का फोडतेस ते कळलं नाही. मी तर भिंतीच्या बाहेर होतो. तिच्यासाठी काकांबरोबर लोकरीची शाल पाठवली आहे.

तुझा,
इलारियो


चाकापाता,
११ ऑक्टोबर १९९८

चि. इलारियो यास,
अनेक आशीर्वाद. या वेळचे खरे आहेत.

तुझं पत्र मी आईला वाचून दाखवलं. तुकडी घेतलीस हे ऐकल्यावर ती उठली, शाल खांद्यावर टाकली आणि तीन महिन्यांत पहिल्यांदा माझ्याकडे बघून बोलली. म्हणाली, त्याला तू काय केलंस ते लिही, नाहीतर मी चालत कुस्कोला जाते आणि मीच सांगते. पंचाहत्तर वर्षांची बाई, खरंच निघेल. म्हणून लिहिते आहे.

पाचव्या दिवशी धुणं झालं की ओल्याच कपड्यांची घडी घालून थोरलं मूल गेलेल्याला मुलांची नावं सांगतं आणि घडी विस्तवात टाकतं, हे तुला माहीत आहे. अमका आहे, अमकी आहे, सगळे सुखरूप आहेत, तुम्ही निश्चिंत जा. मग तो मागे बघत नाही. त्या दिवशी घडी माझ्या हातात होती आणि तुम्ही लोक उताराला लागला होतात. तुझी पाठ दिसत होती. मी इतकी पेटले होते की माझी मी राहिले नव्हते. मी म्हणाले, सातुर्निना आहे. आई माझ्याकडे बघत राहिली, फोर्तुनातोकाका खाकरले, सगळे वाट बघत होते. मी म्हणाले, एवढीच. आणि घडी विस्तवात टाकली.

तुझं नाव मी घेतलंच नाही. एवढा राग मला आयुष्यात कधी आला नव्हता आणि देव करो, पुन्हा न येवो. तू दुसऱ्या दिवशी दारात आलास तेव्हा तुला तोंड कसं दाखवू हे मला समजेना, म्हणून आडणा लावला. तुला मात्र लिहिलं की लाज वाटली नाही का. मीच तुला लाज विचारली! ज्याला तीस वर्षं दरीकाठच्या एकेका खेचराची काळजी होती, त्याला त्याचा मुलगा आहे की नाही हे न सांगताच मी लावून दिलं.

गेलेल्याला निरोप दुसऱ्यांदा देता येत नाही. माझ्या तोंडून आता काही होणार नाही. पण पहिल्या नोव्हेंबरला दुपारी तो जेवायला येईल, आणि टेबलाशी उभं राहून कुणीही आपलं नाव स्वतः सांगू शकतं. हे मी आईला विचारून घेतलं आहे. मी येऊ नकोस लिहिलं होतं ते खोडते. बघ, खोडलं. ये. तुझ्या मालकाला काय सांगायचं ते सांग. मला काय म्हणायचं असेल ते आल्यावर म्हण, मी उलट बोलणार नाही. प्रयत्न करीन.

लोभ असेल तर ये, नसेल तर बाबांसाठी ये.

तुझी,
सातुर्निना


कुस्को,
२० ऑक्टोबर १९९८

ती. ताईस,
सा. न.

पत्र वाचलं. भिंतीवर मूठ आपटली, ती सुजली आहे, म्हणून अक्षर असं येतंय. तू असं करू शकतेस यावर अजून विश्वास बसत नाही. तीन महिने मी स्वतःला खात होतो की त्यांच्या निरोपाला माझी पाठ होती, आणि तू तिथे उभी राहून मला पुसून टाकत होतीस. मला तुझा इतका राग आला आहे की समोर असतीस तर काय केलं असतं ते सांगता येत नाही.

मालकाला तुकडी परत केली. तो म्हणाला, पुन्हा काम मागायला येऊ नकोस. बरं म्हणालो. तीस तारखेला घरी पोचतो. वाटेत गावातल्या भट्टीतून पाव घेईन, तू करायला बसू नकोस, तुझा नेहमी करपतो.

टेबलाशी मी उभा राहीन आणि नावं मीच सांगीन. थोरल्याचं आधी घ्यायचं असतं, म्हणून आधी तुझं घेईन, मग माझं. ते सांगून होईपर्यंत माझ्याशी एक शब्द बोलू नकोस.

आईला नमस्कार.

तुझा भाऊ,
इलारियो